चाळीस मिनिटं पुढे

शिंप्याच्या दुकानातल्या रेडिओवर बातम्यांआधीचे सहा ठोके पडले, बाईनं सकाळचे दहा वाजल्याचं सांगितलं, आणि रस्ता ओलांडायला एक पाय फुटपाथखाली टाकलेल्या मास्तरांनी सवयीनं मनगट वर करून पाहिलं, तर घड्याळातही दहाच वाजले होते. तो पाय तसाच राहिला. एकेचाळीस वर्षांत असं झालं नव्हतं. रेडिओवर दहा म्हणजे मनगटावर दहा चाळीस, रेडिओवर एक म्हणजे मनगटावर एक चाळीस. रेडिओ ऐकायचा, घड्याळ बघायचं, मधला फरक जागच्या जागी आहे ना हे पाहायचं आणि पुढे चालू लागायचं, हे इतकं अंगवळणी पडलं होतं की आपण असं काही करतो हेही ते विसरले होते. आज फरकच नव्हता. सेकंदकाटा तर आपला काही संबंधच नाही अशा थाटात फिरत होता. "अहो आजोबा, इकडे की तिकडे ते ठरवा एकदा!" असं कानाजवळ ओरडून एक सायकलवाला निघून गेला. त्यानं मास्तरांना ओळखलं नव्हतं. दहा वर्षांपूर्वी मास्तर ह्या चौकात असे उभे राहिले असते तर सायकली काय, बसगाड्या थांबल्या असत्या. त्यांनी पाय मागे घेतला आणि शिंप्याच्या पायरीपाशी भिंतीला हात लावून उभे राहिले.

घड्याळाचा सेल काल संध्याकाळी संपला होता. कोपऱ्यावरच्या घड्याळजीनं उभ्याउभ्या नवा घालून दिला, काटे लावले, काच पुसली आणि मास्तरांनी न बघता ते मनगटावर चढवलं. म्हणजे काल संध्याकाळपासून त्यांनी राजधानीच्या वेळेनं दिवस काढला होता. रात्रीचं जेवण, औषधाची गोळी, झोप, पहाटेचं उठणं, दाढी, वर्तमानपत्र, सगळं तिकडच्या वेळेनं. आणि अंगाला काही कळलं नव्हतं. भूक लागायची तेव्हा लागली, झोप यायची तेव्हा आली. बायकोनं काल रात्री ताट वाढताना त्यांच्या मनगटाकडे एकदा पाहिलं होतं, हे आता त्यांना आठवलं. पाहिलं आणि भाजीचं भांडं उचलून आत गेली. तिला ते तिथल्या तिथे दिसलं असणार. स्वयंपाकघरात तिचं स्वतःचं घड्याळ होतं, लग्नाच्या आधीपासूनचं, आणि ते ती पहिल्यापासून सरकारी वेळेनं चालवत आली होती, कारण नळाला पाणी सरकारी वेळेनं यायचं. पाणी काही चळवळीत सामील झालं नव्हतं. घरात कुणी वेळ विचारली की ती उलट विचारायची, "तुमच्या वेळेनं सांगू की जगाच्या?" आणि मास्तर हसायचे, आलेले कार्यकर्तेही हसायचे.

ती चाळीस मिनिटं मास्तरांनीच शोधून काढली होती. तेव्हा ते तिशीत होते, मुलांच्या शाळेत भूगोल शिकवत होते आणि पक्षात सतरंज्या घालण्यापासून भिंती रंगवण्यापर्यंत पडेल ते काम करत होते. एका सभेत मुख्य वक्त्याची गाडी वाटेत बंद पडली आणि लोक उठायला लागले, म्हणून कुणीतरी मास्तरांना ढकलून पुढे उभं केलं. बोलायला काही तयार नव्हतं. सकाळी सातवीच्या वर्गाला रेखांश शिकवले होते, तेच तोंडात आलं. सूर्य आधी आपल्या किनाऱ्यावर उगवतो, ते म्हणाले, मग चाळीस मिनिटांनी राजधानीत. दहा अंशांचा फरक आहे, हवं तर नकाशा काढून मोजा. आणि तरीही किती वाजले हे आपल्याला ते सांगतात! आपल्याकडे उजाडलेलं असतं आणि घड्याळ म्हणतं झोपा अजून! लोक पोट धरून हसले. मास्तरांनी व्यासपीठावरच आपल्या पहिल्या पगारातलं घड्याळ काढलं आणि काटे चाळीस मिनिटं पुढे केले. ती निव्वळ वेळ मारून नेण्याची युक्ती होती. पण दुसऱ्या दिवशी शाळेत चार जणांनी येऊन घड्याळं दाखवली, महिन्याभरात पक्षाच्या कचेरीतलं मोठं घड्याळ पुढे गेलं, आणि वर्षभरात अशी वेळ आली की ह्या शहरात एखाद्याच्या मनगटाकडे नुसतं पाहिलं तरी तो कुणाच्या बाजूचा ते समजावं. नोकरी गेली, दोनदा तुरुंग झाला, पक्षाचं अध्यक्षपद आलं ते एकोणीस वर्षं राहिलं, परदेशातले पत्रकार येऊन घड्याळाचा फोटो काढून गेले. तुरुंगात घड्याळ काढून घेत, पण तिथेही ते तासाचा टोला पडला की मनात चाळीस मिळवत. स्वातंत्र्य म्हणजे काय, असं एका पत्रकारानं विचारलं तेव्हा त्यांनी उत्तर दिलं होतं, "आमच्याकडे उजाडल्याचं आम्ही सांगणार." हे वाक्य नंतर बऱ्याच भिंतींवर लिहिलं गेलं.

मास्तर वळले आणि घड्याळजीच्या टपरीकडे परत चालू लागले. घड्याळजी डोळ्याला भिंग लावून कुणाचं तरी यंत्र उघडून बसला होता. त्याच्या मागच्या काचेत नवी घड्याळं ओळीनं मांडलेली होती आणि ती सगळी दहा वाजून दहा मिनिटं दाखवत होती. विकायची घड्याळं अशीच लावतात, काटे असे वर असले की घड्याळ हसरं दिसतं, असं त्यानंच एकदा सांगितलं होतं. मास्तरांनी मनगट पुढे केलं. घड्याळजीनं भिंग वर सरकवून पाहिलं आणि जीभ चावली.

"अरेरे! काल गर्दी होती हो, मास्तर. हाताला सवय पडली आहे, काटे आपोआप तिकडेच जातात. तुमचं एकट्याचंच तर लक्षात ठेवायचं असतं आणि नेमकं तेच विसरलो."

"माझं एकट्याचं?"

घड्याळजीनं भिंग काढून खाली ठेवलं. मग म्हणाला, "म्हणजे, तसे आहेत अजून दोनचार म्हातारे."

"आणि आमची कचेरी? कचेरीतलं मोठं घड्याळ तुझ्याकडेच आहे ना दुरुस्तीला? वर्ष झालं."

"ते तेव्हाच झालं दुरुस्त. आठ दिवसांत." त्यानं पायाशी वाकून फडक्यात गुंडाळलेलं काहीतरी दाखवलं. "कचेरीतल्या वहिनी म्हणाल्या, राहू द्या तुमच्याकडेच. भिंतीवर लावलं की कोणती वेळ लावायची हा प्रश्न येतो, आणि तो मास्तरांच्या देखत नको. चुकीचं नाही बोलत मी, मास्तर. आता ज्याच्या त्याच्या खिशात मोबाइल आहे. त्याला कुठली आपली वेळ आणि परकी वेळ! तो वरून येईल तेच दाखवतो. वहिनींनी आम्हा सगळ्यांना सांगून ठेवलं आहे, मास्तरांना कुठलीही वेळ सांगायची तर चाळीस मिळवून सांगायची. त्यांच्या जिवाला त्रास नको. द्या इकडे, एका मिनिटात पुढे करून देतो."

मास्तरांनी हात मागे घेतला. का घेतला ते त्यांनाही सांगता आलं नसतं. "राहू दे," ते म्हणाले आणि निघाले. चालता चालता त्यांच्या डोक्यात वेळा गोळा व्हायला लागल्या. गेल्या वर्षभरात त्यांना कुणीही कशालाही पूर्ण तासाला बोलावलं नव्हतं. डॉक्टरांनी पाच चाळीसला बोलावलं होतं. पुतणीच्या घरचं जेवण एक चाळीसला होतं, आणि हे काय चमत्कारिक, असं ते बायकोला म्हणालेही होते. आजची कार्यकारिणीची बैठक अकरा चाळीसला होती. लोक वक्तशीर झाले, मिनिटांची किंमत कळायला लागली, असं समजून ते मनातून सुखावले होते. हे आपण शिकवलं, असंही त्यांना वाटलं होतं. वर्षभर एक अख्खं शहर त्यांच्याभोवती मनातल्या मनात बेरीज करत होतं, आणि काखेत कळसा नि गावाला वळसा म्हणतात तसे ते एकटे, आपली वेळ कुठे कुठे पोचली आहे ह्याचा हिशेब भाषणांतून सांगत फिरत होते. राग यायला हवा होता. पण लाज वाटली, डॉक्टरनं सांगितलेलं घरच्यांनी आजाऱ्यापासून लपवून ठेवावं आणि ते त्याला शेजाऱ्याकडून कळावं तशी. वहिनी असं करील हे त्यांना खरं वाटेना, आणि त्याच वेळी, असं करायचं ते वहिनीच करू जाणे, हेही पटत होतं.

वहिनी म्हणजे त्यांच्या मेहुण्याची बायको. बायको तिला वहिनी म्हणायची म्हणून मास्तरही म्हणू लागले, मग सगळा पक्ष म्हणू लागला. गेली पंधरा वर्षं ती पक्षाची सेक्रेटरी होती. मेहुणा गेला तेव्हा ती सव्वीस वर्षांची होती आणि सही करतानाही तिची बोटं अवघडत. मास्तरांनीच तिला कचेरीत आणून बसवलं, पत्र कसं लिहायचं, इतिवृत्त कसं लिहायचं ते सातवीच्या मुलाला शिकवावं तसं शिकवलं. वाक्य सांगायचे, ती लिहायची. जे झालं ते लिहायचं, जसं व्हायला हवं होतं तसं नाही, हा पहिला धडा त्यांनीच तिला दिला होता.

पुलाच्या अलीकडे स्मारक होतं आणि कचेरीला जायचं तर त्याच्यासमोरूनच जावं लागे. काळ्या दगडाचा खांब, त्यावर पाच नावं, आणि वर दगडातच कोरलेलं घड्याळ, दहा वाजून दहा मिनिटं दाखवणारं. रोज मास्तर इथे क्षणभर थांबून मान लववत आणि पुढे जात. आज ते बाकावर बसले. बावीस वर्षांपूर्वीच्या त्या सकाळी शहरात संचारबंदी होती आणि ती दहा ते बारा शिथिल होणार होती. त्या दोन तासांत पुलावर शांतपणे जमायचं, असं पक्षानं ठरवलं. पत्रक मास्तरांनी लिहिलं. एकच वाक्य होतं: सकाळी दहा वाजता पुलावर या. कुणाच्या वेळेनं, हे लिहिलं नव्हतं. लिहायची गरजच नव्हती, चळवळीच्या पत्रकावरची वेळ आपलीच असणार हे शहरातल्या शेंबड्या पोराला ठाऊक होतं. लोक आपल्या दहाला पुलावर गेले. तेव्हा राजधानीच्या वेळेनं नऊ वीस झाले होते आणि संचारबंदी सुरू होती. पलीकडच्या टोकाला उभ्या असलेल्या शिपायांनी मागे फिरायला सांगितलं. लोकांनी घड्याळं दाखवली. दहा मिनिटांनी गोळीबार झाला. पाच माणसं गेली, त्यांत मेहुणा होता.

सरकारी चौकशीच्या अहवालात नऊ तीस लिहिलं होतं आणि स्मारकावर दहा दहा. बावीस वर्षं मास्तर भाषणांतून विचारत आले होते की मेलेल्यांची वेळसुद्धा खोटी लिहिणाऱ्यांबरोबर आपण कसं राहायचं? टाळ्या पडत. दोन्ही वेळा एकच आहेत, हे तिसरीतल्या मुलानं वजाबाकी करून सांगितलं असतं. पण ती वजाबाकी कुणी केली नाही, कारण ती केली की पुढचा प्रश्न येत होता: मग संचारबंदीत लोकांना बोलावलं कुणी? लोकांना वाटे मास्तर आपल्या वेळेला तत्त्वासाठी चिकटून आहेत. तत्त्व होतंच. पण आपली वेळ गेली की त्या दगडावरचे दहा दहा एका रात्रीत नऊ तीस होतील, हेही होतं, आणि अलीकडे झोप लागेनाशी झाली की त्यांना हे दुसरंच जास्त आठवे. ह्याच्याही मागे आणखी एक गोष्ट होती. तिथपर्यंत ते सहसा जात नसत. दाढीच्या साबणाचा वास, खिडकीत टेकवलेला आरसा, आणि मागून बायकोचा आवाज: "निघायचं नाही का? दहा वाजून गेले." इथवर आलं की मन लगेच दुसरीकडे वळे, तुरुंगातलं जेवण, निवडणुकीचे आकडे, काहीही चाले. पुढे लोकांत अशी गोष्ट पसरली की मास्तरांना त्या दिवशी पोलिसांनी नाक्यावर अडवून धरलं म्हणून ते वाचले. ती त्यांनी पसरवली नव्हती. नाही असंही कधी म्हटलं नव्हतं. गोळीबारानंतर महिन्याभरानं उरलेल्या पत्रकांचा गठ्ठा बायकोला माळ्यावर सापडला. ती न्हाणीघरातल्या बंबापाशी बसली आणि एकेक पत्रक आत सारत राहिली. "रद्दी साठवून काय करायचंय," एवढंच म्हणाली. ज्या बाईच्या तोंडात दिवसातून एकदा तरी 'लोका सांगे ब्रह्मज्ञान, आपण कोरडे पाषाण' असायचं, तिनं ती म्हण त्या दिवसानंतर घरात उच्चारली नाही. मास्तरांनी घड्याळात पाहिलं. दहा चाळीस झाले होते, आणि ह्या वेळी त्यांना काही मिळवायची गरज पडली नाही.

कचेरीचा जिना चढून ते बैठकीच्या खोलीत आले तेव्हा दोघेतिघे खुर्च्या मांडत होते. भिंतीवर मोठ्या घड्याळाच्या जागी खिळा होता आणि त्याच्याभोवती रंग न उडालेला गोल. वहिनी टेबलाच्या टोकाला कागद लावत होती.

"मास्तर? लवकर आलात आज."

"अकराला आहे ना बैठक?"

खुर्च्या मांडणारे थांबले. वहिनीनं त्यांच्या चेहऱ्याकडे पाहिलं, मग मनगटाकडे. "घड्याळजीनं घोटाळा केला वाटतं," ती हळूच म्हणाली.

"नाही. नीट लावून दिलंय."

"मी सांगणार होते. रोज म्हणत होते, उद्या सांगू. तुमचं मन..."

"चहा सांगा," मास्तर म्हणाले आणि आपल्या खुर्चीत बसले. त्यांच्या खोलीचं दार उघडं होतं आणि आतल्या भिंतीवरचं घड्याळ साडेअकरा दाखवत होतं. त्याला किल्ली द्यायला वहिनी दर रविवारी येत असे.

अकराला सगळे अकरा जण हजर होते. आजचं काम मोठं होतं. राजधानीशी तीन वर्षं चाललेल्या बोलण्यांतून स्वायत्त मंडळ मिळत होतं, आणि त्यासाठी पक्षाच्या घटनेतलं पहिलं कलम बदलायचं होतं. उपाध्यक्ष असलेल्या वकिलांनी जुनं कलम वाचलं, नवं वाचलं. 'स्वतंत्र'च्या जागी 'स्वायत्त' आलं. मास्तरांनी ह्याला गेल्या वर्षीच संमती दिली होती, तेव्हा वादाला काही उरलं नव्हतं. हात वर झाले. ज्या शब्दापायी सबंध हयात गेली तो पंचवीस मिनिटांत, चहाचे कप वाजत असताना घटनेतून गेला, आणि मास्तरांना छातीत काहीतरी तुटेल असं वाटलं होतं ते काहीच तुटलं नाही. एकानं बिस्किटांची बशी पुढे सरकवली. मग वहिनीनं पुढचा कागद घेतला आणि वर न बघता वाचलं. वेळेची प्रथा यापुढे पक्षाच्या कामकाजात पाळण्यात येणार नाही. शाळा, बँका, दवाखाने यांच्याशी मेळ राहावा म्हणून. अपवाद दोन. मास्तरांच्या खोलीतलं घड्याळ आहे तसं राहील. स्मारकावरचं घड्याळ दहा दहावर आहे तसंच राहील.

"मास्तरांचा मान राखूनच केलंय हे," वकील घाईघाईनं म्हणाले. "तुम्ही नुसती मान हलवा, म्हणजे झालं."

नुसती मान हलवायची होती. मान हलवली असती तर दगड तसाच राहिला असता, पोलिसांनी नाक्यावर अडवल्याची गोष्ट तशीच राहिली असती, आणि चार वर्षांनी का दहा वर्षांनी पुलाला त्यांचं नाव मिळालं असतं. समोर वहिनी पेन धरून बसली होती. तिच्या केसांत पांढरं बरंच झालं होतं. ह्या बाईला मी लिहायला शिकवलं, मास्तरांना वाटलं, आणि जे लिहायला हवं होतं नेमकं तेवढंच तिच्यापासून मागे ठेवलं. त्यांना भीती वाटली, साधी, परीक्षेला बसलेल्या पोराला वाटते तशी. लोक काय म्हणतील ही भीती नव्हती. ही बाई उद्यापासून आपल्याशी बोलणार नाही, ही होती.

"स्मारकावर नऊ तीस करा," ते म्हणाले.

"म्हणजे?" वकिलांनी विचारलं.

"अहवालात लिहिलंय ते बरोबर आहे. संचारबंदी दहाला उठणार होती, त्यांच्या दहाला. पत्रक मी लिहिलं. नुसतं दहा लिहिलं. लोक आपल्या दहाला गेले, म्हणजे चाळीस मिनिटं आधी गेले. गोळ्या त्यांनी झाडल्या, ते मी त्यांना माफ करत नाही. पण त्या वेळी लोक पुलावर होते ते माझ्यामुळे."

मग एकदम सगळे बोलायला लागले. मास्तरांची झोप झालेली नाही, एक जण म्हणाला. वय झालं की माणूस सगळं अंगावर घेतो, दुसरा म्हणाला. वकील उठून उभे राहिले. "वहिनी, हे लिहू नका. बैठक दहा मिनिटं तहकूब. मास्तर, आजच? मंडळाच्या निवडणुका तोंडावर आल्यात, जरा विचार करा! आणि त्या धांदलीत एक शब्द राहून गेला तर त्याला काय गुन्हा म्हणायचं? कुणाकडूनही झालं असतं."

"थांबा," वहिनी म्हणाली. तिनं आवाज चढवला नव्हता, पण वकील खाली बसले. तिनं पेनाचं टोपण लावलं, पेन वहीवर आडवं ठेवलं आणि मास्तरांकडे पाहिलं. "शब्द राहून गेला हे मला माहीत होतं. पत्रक मी ठेवलंय. यांच्या खिशातलं. इतकी वर्षं वजाबाकी मला आली नसेल असं वाटलं का तुम्हाला? मी म्हटलं, घाईत राहिलं असेल. चुकतं माणूस." तिनं वही बाजूला सरकवली. "मला दुसरंच विचारायचं होतं. कधी विचारलं नाही. दहा लिहिलंत तेव्हा तुमच्या मनात कुठली वेळ होती?"

दाढीच्या साबणाचा वास आला. ह्या वेळी मास्तर तिथून हलले नाहीत. खिडकीत आरसा होता, अर्ध्या गालावर फेस होता, घड्याळ आरशाशेजारी ठेवलेलं होतं आणि त्यात दहा वाजून दहा मिनिटं झाली होती. निघायचं नाही का, दहा वाजून गेले, असं बायको त्या घड्याळाकडे बघून म्हणाली. आणि ते वस्तरा पाण्यात बुडवत म्हणाले होते, अजून अर्धा तास आहे. मग लांबून, पाट आपटावेत तसे आवाज आले.

"त्यांची," मास्तर म्हणाले. "सरकारी सूचनेत दहा होतं, तेच माझ्या डोक्यात होतं. आपली वेळ माझ्या मनातच आली नाही. पोलिसांनी मला अडवलं नव्हतं. मी घरी दाढी करत होतो. माझ्या हिशेबानं उशीर झालाच नव्हता." त्यांनी समोरचा चहाचा कप बाजूला सरकवला. "सगळ्या शहरात आपल्या वेळेवर खरा विश्वास नसलेला माणूस त्या दिवशी एकच होता. तुम्ही सगळ्यांनी माझं ऐकलंत."

वहिनीनं टेबलाची कड बोटानं पुसली. "मी यांना म्हटलं होतं, चहा होतोय, पाच मिनिटं थांबा," ती म्हणाली. "घड्याळ बघत होते सारखे. म्हणाले, मास्तरांनी दहा सांगितलंय. उशीर झाला तर मास्तर ओरडतील."

मास्तर ओरडत, हे खरंच होतं. उशिरा येणाऱ्याला ते दारात उभं करून त्याच्या तोंडासमोर घड्याळ धरत. मेहुण्याला त्यांनी असं दोनदा उभं केलं होतं.

वकील पुन्हा काहीतरी बोलू पाहत होते. वहिनीनं पेनाचं टोपण काढलं, वही जवळ ओढली, नवी ओळ घेतली. "सांगा," ती म्हणाली. "एकेक वाक्य सांगा." मास्तरांनी सांगितलं, ती लिहीत गेली, त्यांनीच घोटवून घेतलेल्या गोल अक्षरात. पत्रक मी लिहिले. वेळ कोणती ते लिहिले नाही. माझ्या मनात राजधानीची वेळ होती. मी पुलावर नव्हतो, घरी होतो. एका ठिकाणी ते अडखळले, तर तिनं पेन थांबवून वाट पाहिली. मग तिनं वही फिरवून त्यांच्यापुढे केली. पक्षात सहीखाली वेळ लिहायची पद्धत होती, तीही मास्तरांचीच. त्यांनी सही केली आणि मनगटाकडे पाहिलं. पावणेबारा वाजले होते. त्यांनी अकरा पंचेचाळीस असं लिहिलं आणि वही परत सरकवली.

वहिनीनं खाली आपली सही केली. मग ती उठून त्यांच्या खोलीत गेली, घड्याळ भिंतीवरून उतरवलं, खुर्चीत बसून ते मांडीवर घेतलं आणि त्याची काच उघडली.